कादंबरीतला माणूस पडद्यावर येताना त्याचा रंग कोण ठरवतो?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

साहित्यकृतींवर बेतलेल्या चित्रपटांविषयी आपल्या रविवार पुरवणीत लेख येत असतात. ठाणे आणि नवी मुंबईतल्या महाविद्यालयांतही ‘साहित्य आणि चित्रपट’ हा विषय आता शिकवला जातो. दोन्हीकडे तुलना बहुतेक एकाच अंगाने होते. कादंबरीतला कोणता प्रसंग गाळला, कोणते पात्र वाढवले, शेवट का बदलला. हे प्रश्न रास्तच आहेत, पण कथानकाला हात लागण्याच्या आधी एक मोठा बदल घडून गेलेला असतो आणि त्याची नोंद कोणी घेत नाही. ‘दारात एक पोरगा उभा होता’ एवढे एक वाक्य लेखकाला पुरते. वाचक आपापल्या मनात तो पोरगा उभा करतो. कॅमेऱ्याला ही सवलत नाही. पडद्यावरच्या पोराला कातडी असते, त्या कातडीचा रंग असतो, आणि तिच्यावर उजेड किती व कुठून टाकायचा हे कोणीतरी ठरवलेले असते. आपल्याकडच्या चित्रपटांत हे ठरवताना वारंवार जातीला कातडीचा रंग दिला गेला आहे. मूळ साहित्यकृतीत तो रंग असो वा नसो. माध्यमांतराचा अभ्यास करायचा तर सुरुवात इथून व्हावी, असे हा विषय शिकवणाऱ्या आम्हा काही जणांचे स्पष्ट मत आहे.

मराठी वाचकाला चटकन पटेल असे एक उदाहरण देतो. ई. एम. फॉर्स्टर यांच्या ‘अ पॅसेज टू इंडिया’ या १९२४ च्या कादंबरीत प्राध्यापक नारायण गोडबोले हे एक महत्त्वाचे पात्र आहे. दख्खनी ब्राह्मण. फॉर्स्टर त्यांचे वर्णन करताना करड्या-निळ्या डोळ्यांचा उल्लेख करतात आणि वर्ण युरोपीय माणसाइतका गोरा होता असे लिहितात. आपल्याला असे घारे, गोरे गोडबोले सहज डोळ्यांपुढे येतात. डेव्हिड लीन यांनी १९८४ मध्ये या कादंबरीवर चित्रपट केला तेव्हा ही भूमिका अ‍ॅलेक गिनेस या इंग्रज नटाला दिली आणि त्यांच्या चेहऱ्यावर सावळा रंग चढवला. म्हणजे लेखकाने ज्याला गोरा म्हटले, त्याच्यासाठी गोरा नट घेतला आणि मग त्याला मुद्दाम सावळे केले. भारतीय माणूस पडद्यावर ‘भारतीय दिसला पाहिजे’ ही अपेक्षा मूळ मजकुरावर कशी मात करते, याचा याहून स्वच्छ नमुना शोधूनही सापडणार नाही. कथानकाची तुलना करणाऱ्याच्या हाती यातले काहीच लागत नाही, कारण कथानकात गोडबोले जिथे हवेत तिथेच आहेत.

‘वुदरिंग हाइट्स’ची गोष्ट याच्या उलट बाजूची. एमिली ब्राँटे यांच्या १८४७ च्या या कादंबरीतला हीथक्लिफ लिव्हरपूलच्या रस्त्यावर सापडलेला, काळसर वर्णाचा पोरगा आहे. शेजारचे लिंटनसाहेब त्याला ‘लहानसा लास्कर’ म्हणतात. लास्कर म्हणजे ब्रिटिश जहाजांवरचे आशियाई खलाशी, ज्यांत आपल्या कोकणपट्टीतली माणसेही असत. घरातली मोलकरीण नेली त्याची समजूत घालताना म्हणते की कोण जाणे, तुझा बाप चीनचा बादशहा असेल आणि आई हिंदुस्थानची राणी. तो नेमका कोण हे लेखिकेने शेवटपर्यंत सांगितलेले नाही. दुसऱ्यांच्या तोंडून मात्र त्याचे परकेपण सतत येत राहते. विल्यम वायलर यांच्या १९३९ च्या चित्रपटात लॉरेन्स ऑलिव्हिए हीथक्लिफ झाले आणि वंशाचा प्रश्नच मिटला. त्या चित्रपटावर लिहिणारे आजही ‘कादंबरीचा उत्तरार्ध गाळला’ इथेच थांबतात. अँड्रिया अरनॉल्ड यांनी २०११ मध्ये सॉलोमन ग्लेव्ह आणि जेम्स हॉसन हे कृष्णवर्णीय नट घेतले, चौकट जवळजवळ चौकोनी ठेवली आणि कॅमेरा बराच वेळ त्या मुलाच्या खांद्यामागे नेला. त्यामुळे कादंबरीतल्या शिव्या पडद्यावर नेमक्या कोणाला बसतात ते लख्ख दिसते. कथानकाशी अधिक इमानी कोण आणि माणसाशी अधिक इमानी कोण, हे दोन वेगळे प्रश्न आहेत.

या विषयाच्या अभ्यासाला आता बराच काळ लोटला आहे. जॉर्ज ब्लूस्टोन यांचे ‘नॉव्हेल्स इन्टू फिल्म’ १९५७ चे. रॉबर्ट स्टॅम आणि लुईस स्पेन्स यांनी १९८३ मध्ये ‘स्क्रीन’ या नियतकालिकात वसाहतवाद, वंशवाद आणि चित्रण यांवर जो निबंध लिहिला, तो आमच्या मते प्रत्येक शिक्षकाने वाचावा. त्यांचे सांगणे असे की पात्र चांगले रंगवले की वाईट, एवढी मोजदाद पुरेशी नाही. चौकटीत जागा कोणाला मिळते, जवळून कोणाला दाखवले जाते, आवाज कोणाचा ऐकू येतो आणि कॅमेरा कोणाच्या बाजूला उभा आहे, ते पाहा. रिचर्ड डायर यांचे ‘व्हाइट’ १९९७ चे. छायाचित्रण आणि चित्रपटाची प्रकाशयोजना गोरा चेहरा प्रमाण धरून घडत गेली, आणि प्रमाण ठरल्यामुळेच गोरेपण ‘रंग’ म्हणून कोणाच्या लक्षात येईनासे झाले, हा त्यांचा मुद्दा. स्टॅम-स्पेन्स यांचा निबंध आणि डायर यांचे पुस्तक, दोन्हींचा भर मुख्यत्वे युरोप-अमेरिकेच्या चित्रपटांवर आहे. त्यांची पद्धत आपण उचलावी, निष्कर्ष जसेच्या तसे उचलू नयेत, आणि याचे कारण जात हे आहे.

वंश आणि जात एक नाहीत. हर्बर्ट रिस्ले या ब्रिटिश अधिकाऱ्याने १९०१ च्या जनगणनेच्या काळात नाकाची रुंदी मोजून जातींची उतरंड वंशावर बसवण्याचा उद्योग केला. त्याच्या आधी, १८६८ ते १८७५ या काळात, ‘द पीपल ऑफ इंडिया’ या आठ खंडांच्या प्रकाशनात हिंदुस्थानातल्या जातीजमातींची छायाचित्रे नमुन्यांसारखी मांडली गेली होती. जात चेहऱ्यावर वाचता येते, ही समजूत अशी छायाचित्रांतून आणि मोजपट्ट्यांतून पक्की झाली. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३६ मध्ये ‘अ‍ॅनिहिलेशन ऑफ कास्ट’मध्ये ती खोडून काढली: पंजाबचा ब्राह्मण आणि पंजाबचा चांभार एकाच वांशिक कुळीचे आहेत. पुढे १९४८ च्या ‘द अनटचेबल्स’मध्ये नाकाच्या मोजमापांचेच आकडे मांडून अस्पृश्यतेचे मूळ वंशात नाही हे त्यांनी दाखवले. चित्रपटाने मात्र रिस्लेची समजूत सोडली नाही. रंगभूषेच्या खोलीत ती जिवंत राहिली.

‘सुजाता’ पाहा. सुबोध घोष यांच्या बंगाली कथेवरचा बिमल रॉय यांचा १९५९ चा हा चित्रपट मनापासून अस्पृश्यतेविरुद्ध आहे, आणि आम्हाला तो प्रिय आहे. ब्राह्मण घरात वाढलेल्या अस्पृश्य मुलीची भूमिका नूतन यांची, घरच्या मुलीची शशिकला यांची. नूतन यांचा चेहरा रंगभूषेने सावळा केलेला आहे. चित्रपटाच्या शेवटाकडे सुजाताचे रक्त तिला वाढवणाऱ्या आईला चालते. रक्त एकच, हा पटकथेचा युक्तिवाद. पण त्याआधीचे दोन तास रंगभूषा प्रेक्षकाला सांगत असते की ही मुलगी वेगळ्या कातडीची आहे. शब्द एक सांगतात आणि चेहरा दुसरेच. सत्यजित राय यांच्यासारखा दिग्दर्शकही यातून सुटला नाही. सुनील गंगोपाध्याय यांच्या कादंबरीवरच्या ‘अरण्येर दिन रात्री’मध्ये, १९७० साली, संथाळ स्त्रीच्या भूमिकेसाठी सिमी गरेवाल यांना काळा रंग लावला गेला. याची दुसरी तऱ्हा ‘अछूत कन्या’मध्ये दिसते. १९३६ च्या त्या चित्रपटात देविकाराणी यांना गडद करण्याऐवजी छायालेखक योसेफ विर्शिंग यांनी त्यांना तारकेसारखाच उजेड दिला. यातली कोणती तऱ्हा बरी, असे विद्यार्थी विचारतात. आम्ही उत्तर देत नाही, कारण दोन्हींत खरी अडचण एकच आहे: त्या समाजातली नटी कुठेच नाही.

आपल्या परिसराशी जोडलेले उदाहरण म्हणजे ‘जैत रे जैत’. गो. नी. दांडेकरांच्या कादंबरीवर जब्बार पटेल यांनी १९७७ मध्ये केलेला, पनवेलपलीकडच्या कर्नाळ्याच्या परिसराशी नाते सांगणारा ठाकर समाजाचा चित्रपट. गाण्यांवर भरभरून लिहिले गेले. मोहन आगाशे, स्मिता पाटील, निळू फुले या शहरी रंगभूमीच्या आणि पडद्याच्या नटांनी ठाकर माणूस कसा उभा केला, अंगावरचे कपडे, चालण्याची ढब, ऊन पाठीवर घ्यायचे की चेहऱ्यावर, याचा शॉटनिहाय अभ्यास व्हायला हवा. ठाणे आणि रायगड जिल्ह्यांतले ठाकर आणि कातकरी विद्यार्थी आज या शहरांच्या महाविद्यालयांत आहेत. त्यांच्यासमोर हा चित्रपट नुसता ‘निसर्गरम्य’ म्हणून दाखवणे आम्हाला योग्य वाटत नाही.

आता यामागच्या तंत्राकडे येतो, कारण ‘काळा-गोरा हा दृष्टिकोनाचा प्रश्न आहे’ एवढे म्हणून सोडून दिले की वर्गातली चर्चा पाच मिनिटांत संपते. मूकपटाच्या काळातली ऑर्थोक्रोमॅटिक फिल्म तांबड्या प्रकाशाला जवळजवळ आंधळी होती. निळे आकाश पांढरे पडायचे, तांबडे ओठ काळे दिसायचे. सावळ्या कातडीतून परतणाऱ्या प्रकाशात तांबड्या-पिवळ्या छटांचा वाटा मोठा असतो, त्यामुळे ती प्रत्यक्षाहून गडद उमटायची. सगळ्या रंगांना प्रतिसाद देणारी पॅनक्रोमॅटिक फिल्म १९२० च्या दशकात रुळली. रंगीत फिल्म आल्यावर वेगळी अडचण उभी राहिली. छपाई नीट होते का हे तपासायला कोडॅक प्रयोगशाळांना एका गोऱ्या स्त्रीचे छायाचित्र पुरवत असे. तिच्या नावावरून ही ‘शर्ली कार्ड’ म्हणून ओळखली गेली. शर्लीची कातडी ठीक दिसली की छपाई ठीक. लॉर्ना रॉथ या अभ्यासिकेने यावर २००९ मध्ये सविस्तर लिहिले आहे. गडद तपकिरी छटा नीट याव्यात म्हणून कंपनीवर जो दबाव आला त्यात चॉकलेट आणि लाकडी फर्निचर बनवणाऱ्यांच्या तक्रारी होत्या, ही त्यातली सर्वांत बोलकी गोष्ट. अनेक वंशांच्या स्त्रिया एकत्र असलेले कार्ड १९९० च्या दशकात आले.

फिल्म गेली तरी प्रकाशमापनाचे गणित राहिले. प्रकाशमापक समोरची वस्तू पडलेल्या उजेडापैकी सुमारे १८ टक्के उजेड परत फेकते असे गृहीत धरतो. गोरी कातडी त्याच्या साधारण दुप्पट, म्हणजे एक स्टॉप वर असते. खूप गडद कातडी एक ते दोन स्टॉप खाली. प्रत्येक स्टॉपला उजेड दुप्पट किंवा निम्मा होतो, म्हणून एकाच चौकटीत असे दोन चेहरे असतील तर त्यांच्यात तीन स्टॉपपर्यंत, आठपट, फरक पडू शकतो. छायालेखकाने गोऱ्या चेहऱ्यावर मोजमाप घेतले की गडद चेहऱ्याचे डोळे आणि गालांचे उंचवटे सावलीत बुडतात. हा निसर्गनियम नाही, ती निवड आहे. गडद चेहऱ्याला नुसता जास्त उजेड मारून उपयोग होत नाही. समोरून सपाट उजेड टाकला की चेहरा राखाडी आणि निर्जीव दिसतो. मोठा, मऊ स्रोत बाजूला ठेवायचा, त्याचे प्रतिबिंब कातडीच्या चकाकीत पकडायचे, मागची भिंत पांढरी न ठेवता मध्यम छटेची ठेवायची, पांढरा शर्ट टाळायचा किंवा चहात बुडवून मळकट करायचा. छायालेखक ब्रॅडफर्ड यंग यांचे ‘सेल्मा’मधले किंवा जेम्स लॅक्स्टन यांचे ‘मूनलाइट’मधले काम या नजरेने पाहावे. आणि पाश्चात्त्य फिल्म वापरूनही भारतीय कातडीला न्याय देता येत होता याचा पुरावा आपल्याकडेच आहे: सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’साठी, १९५६ मध्ये, छायालेखक सुब्रत मित्र यांनी बनारसच्या घराच्या सेटवर अंगणावर कापड ताणले आणि दिवे खालून त्यावर मारून परतणारा उजेड चेहऱ्यांवर घेतला. त्यामुळे दोष फिल्मच्या डब्यावर ढकलून दिग्दर्शक-छायालेखकाला मोकळे सोडता येत नाही.

वर्गात हे कसे करावे, तेही लिहितो. वाचन आधी, चित्रपट नंतर; हा क्रम उलटा केला तर नटाचा चेहरा पुस्तकावर बसतो आणि मग पुसता येत नाही. पात्राचा पहिला प्रवेश असलेली दोन ते चार पाने निवडावीत. शरीराविषयीचा प्रत्येक शब्द अधोरेखित करायचा, आणि समासात तो शब्द कोणाचा ते लिहायचे: निवेदकाचा की दुसऱ्या पात्राचा. हीथक्लिफच्या बाबतीत जवळजवळ प्रत्येक शब्द दुसऱ्याच्या तोंडचा निघतो, आणि हा शोध विद्यार्थ्यांना स्वतः लागतो. मराठी ग्रामीण आणि दलित कथांमध्ये कातडीच्या रंगाचे शब्द अपेक्षेपेक्षा किती कमी आणि श्रमाचे, भुकेचे, कपड्यांचे शब्द किती जास्त आहेत, हेही याच अभ्यासातून कळते.

मग चार मिनिटांहून मोठे नसलेले एकच दृश्य घ्यावे. पहिल्यांदा आवाज बंद करून, दुसऱ्यांदा आवाजासह, तिसऱ्यांदा शॉट-शॉट थांबवत. सरासरी सहा सेकंदांचा शॉट धरला तर चाळीस नोंदी होतात, आणि एका तासिकेत त्याहून जास्त झेपत नाहीत. शॉटचा क्रमांक आणि सेकंद, चौकट जवळची की लांबची, मुख्य उजेड कोणत्या बाजूने, कोणाचा चेहरा अधिक उजळ, कोण कोणाकडे पाहते, बोलणारा चौकटीत आहे का, आणि मूळ मजकुरातली कोणती ओळ इथे आली, एवढ्या नोंदी पुरतात. याहून रकाने वाढवले की मुले रकाने भरतात आणि पडद्याकडे पाहत नाहीत.

यानंतर मोजमाप. दाविंची रिझॉल्व्ह या संकलन-प्रणालीची मोफत आवृत्ती साध्या बऱ्या संगणकावर चालते. तीत स्थिर चौकट टाकून वेव्हफॉर्म हा उजेडाचा आलेख उघडावा. आडव्या अक्षावर चित्रातली जागा, उभ्या अक्षावर उजेडाची पातळी. एरवी ही मोजपट्टी ० ते १०२३ असते. दोन्ही चेहऱ्यांच्या उजळ गालाची आणि सावलीतल्या गालाची पातळी टिपावी, मागच्या भिंतीचीही. रंगीत चित्रपटात शेजारचा व्हेक्टरस्कोप हा रंगछटांचा आलेख पाहावा. त्यात कातडीच्या छटेसाठी एक तिरकी रेषा असते, आणि गोरा असो वा काळा, नैसर्गिक उजेडातला चेहरा त्या रेषेच्या आसपासच पडतो. माणसामाणसांत फरक असतो तो उजेडाचा आणि रंगाच्या गडदपणाचा. मूळ छटा सर्वांची जवळपास सारखीच. हे पडद्यावर दाखवले की वर्गात क्षणभर कोणी बोलत नाही. रंगभूषेने काळा केलेला चेहरा कधी कधी या रेषेवरून ढळतो, आणि मान, कान, हाताचा मागचा भाग वेगळ्या पातळीवर निघतात. रंग लावणाऱ्याचा हात जिथे पोचत नाही तिथे आधी पाहावे.

इथे चुका ठरलेल्या होतात. वेगवेगळ्या चित्रपटांतले आकडे एकमेकांशी लावले जातात. ते निरर्थक आहे, कारण प्रत, रंगसंस्करण आणि डिजिटल रूपांतर वेगळे असते. तुलना एकाच चौकटीतल्या, फार तर एकाच दृश्यातल्या चेहऱ्यांची करावी. जुन्या रंगीत प्रतींतला निळसर रंगद्रव्याचा थर आधी विटतो आणि सगळे चित्र तांबूस होते, अशा प्रतीवरून वर्णाविषयी काहीच म्हणता येत नाही. इंटरनेटवरच्या हलक्या प्रतींत फाइल दाबून लहान केल्यामुळे गडद भागाचा तपशील सर्वांत आधी उडतो, म्हणून काळा चेहरा ठिपक्यांचा आणि गोरा चेहरा गुळगुळीत दिसतो. हा दोष चित्रपटाच्या माथी मारला गेल्याचे निबंध दरवर्षी वाचावे लागतात. स्ट्रीमिंगवरून चौकट टिपायला गेले तर नक्कल रोखणाऱ्या संरक्षणामुळे अनेकदा नुसता काळा आयत मिळतो, त्यामुळे अधिकृत डिस्क मिळवावी. वर्गातला प्रोजेक्टर ‘डायनॅमिक’वर ठेवलेला असेल तर सावल्या बुजतात, तो ‘सिनेमा’वर आणावा, खिडक्यांना जाड पडदे लावावेत, ट्यूबलाइट पूर्ण बंद करावेत. सुरुवातीला काळ्यापासून पांढऱ्यापर्यंत अकरा पायऱ्यांची पट्टी पडद्यावर टाकून सर्वांत गडद दोन पायऱ्या वेगळ्या दिसतात का ते पाहावे. दिसत नसतील तर त्या दिवशी दुसरे काही शिकवावे.

एक काळजी तंत्राहून महत्त्वाची. मुलांचे चेहरे नमुना म्हणून कधीही वापरू नयेत. ‘तू इकडे ये, तू तिकडे उभी राहा’ असे म्हणताच वर्गात उतरंड लागते आणि सावळ्या मुलीला घरी, लग्नाच्या जाहिरातीत, क्रीमच्या जाहिरातीत जे ऐकावे लागते तेच शिक्षकाकडून मिळते. प्रात्यक्षिकासाठी शिसवी लाकडाचा तुकडा किंवा गडद चॉकलेटची वडी घ्यावी आणि पांढऱ्या चादरीवर ठेवावी. मोबाइलच्या कॅमेऱ्यात चादरीवर बोट ठेवून एक फोटो काढावा, वडीवर बोट ठेवून दुसरा. पहिल्यात वडी काळा गोळा होते, दुसऱ्यात तिच्यावरची अक्षरे वाचता येतात आणि चादर तपशील हरवून नुसती पांढरीफटक होते. कोडॅकचा सगळा इतिहास दोन फोटोंत समजतो, आणि कोणाचा अपमान होत नाही.

या सगळ्याचा कस लागतो तो बाबूराव बागुलांच्या ‘जेव्हा मी जात चोरली होती’वर. १९६३ च्या या संग्रहातली शीर्षककथा जात लपवून नोकरीच्या गावी राहणाऱ्या तरुणाची आहे. जात चोरता येते, कारण ती चेहऱ्यावर नसते. कथेचा सगळा ताण या एका गोष्टीवर उभा आहे. तिच्या जोडीला नेला लार्सन यांची १९२९ ची ‘पासिंग’ ही कादंबरी ठेवावी, जिच्यात कृष्णवर्णीय समाजात जन्मलेली स्त्री गोऱ्यांत गोरी म्हणून वावरते. रेबेका हॉल यांनी २०२१ मध्ये तिच्यावर केलेला चित्रपट कृष्णधवल आहे, चौकोनी चौकटीचा आहे, आणि सुरुवातीचा उजेड मुद्दाम इतका जास्त ठेवला आहे की कोण गोरी आणि कोण काळी हे डोळ्यांना ठरवता येऊ नये. रंग काढून टाकल्याने वंशाचा प्रश्न अधिक टोकदार झाला. आता विद्यार्थ्यांना बागुलांच्या कथेतले एक पान द्यावे आणि बारा शॉटांचा आराखडा मागावा. अट एकच: नायकाचा वर्ण, रंगभूषा किंवा फाटके कपडे यांवरून जात सुचवायची नाही. सुरुवातीचे आराखडे बहुतेक सगळे फसतात. अंधारी खोली येते, मळका सदरा येतो, झुकलेली मान येते. दुसऱ्या फेरीत मुले आडनाव विचारणाऱ्याच्या चेहऱ्याकडे कॅमेरा वळवतात, पाण्याच्या भांड्यापाशी थांबणाऱ्या हाताकडे वळवतात, शेजाऱ्याच्या नजरेकडे वळवतात. जात पाहणाऱ्याच्या डोळ्यांत आहे हे त्यांना शॉट मांडताना कळते. व्याख्यानातून ते तितके कळत नाही.

यासाठी मोठा खर्च लागत नाही, पण परवानगीकडे लक्ष द्यावे लागते. भारतीय कॉपीराइट कायद्याचे कलम ५२ शिक्षणसंस्थेच्या कामकाजात शिक्षक, विद्यार्थी आणि पालक एवढ्यांपुरता चित्रपट दाखवायला मुभा देते. सर्वांसाठी खुला खेळ ठेवायचा असेल तर हक्कधारकाची परवानगी घ्यावी. ठाण्याचे मराठी ग्रंथ संग्रहालय १८९३ पासून उभे आहे, वाशीपासून पनवेलपर्यंत वाचनालये आहेत; तिथे दर महिन्याला एक कथा आणि तिच्यावरचे एक दृश्य असा वाचनवर्ग सहज होऊ शकतो. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या आणि फिल्म इन्स्टिट्यूटच्या रसास्वाद शिबिरांनी, सतीश बहादूर यांच्यासारख्या शिक्षकांनी, दृश्य थांबवून वाचण्याची रीत महाराष्ट्रात रुजवली. ती साहित्याच्या वर्गात अजून पुरेशी आलेली नाही.

आपल्याकडे एक मागणे आहे. चित्रपट परीक्षणाच्या चौकटीत दिग्दर्शक, कलाकार आणि संगीतकार छापले जातात. तिथे छायालेखक आणि रंगभूषाकार यांचीही नावे द्यावीत. चित्रपट साहित्यकृतीवरचा असेल तर मूळ लेखक आणि कृतीचे वर्षही द्यावे. आणि एखाद्या भूमिकेसाठी नटाला काळे केले असेल, तर ‘भूमिकेसाठी घेतलेली मेहनत’ म्हणून त्याचे कौतुक करण्याआधी समीक्षकाने दोन ओळी लिहाव्यात: मूळ मजकुरात त्या माणसाच्या रंगाविषयी काय लिहिले आहे, आणि ते कोणाच्या तोंडी.

आपले,
साहित्य आणि चित्रपट हा विषय शिकवणारे काही शिक्षक,
ठाणे व नवी मुंबई